आयर्लंडमधली बार्ली: व्यापार आणि भाव यांविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

आयर्लंडच्या बार्लीच्या भावावर मराठीत कोणी लिहीत नाही. तिथे राहणारे मराठी लोक रस्त्याच्या कडेची सोनेरी शेतं पाहतात, बातम्यांत ‘ग्रीन बार्ली’चा भाव ऐकतात आणि पुढे जातात. शेतीच्या घरातून आलेले मात्र थांबून विचारतात. त्यांनी पुन्हा पुन्हा विचारलेले प्रश्न इथे एकत्र केले आहेत.

बार्ली म्हणजे आपलं सातूच ना?

हो. जव, सातू आणि बार्ली ही एकाच धान्याची नावं. घोटाळा होतो तो सातूच्या पिठामुळे. आपल्या घरांतलं सातूचं पीठ बहुतेक वेळा भाजलेले गहू आणि डाळं यांचं असतं, त्यात जव असेलच असं नाही. या पानावर सगळीकडे बार्ली हाच शब्द ठेवला आहे, कारण व्यापारात तोच चालतो.

आयर्लंड तर गवताचा आणि गाईंचा देश. तिथे बार्ली किती पिकते?

शेतजमिनीपैकी नांगरटीखाली असते ती जेमतेम ८ टक्के, म्हणजे ढोबळमानाने साडेतीन लाख हेक्टर. बाकी जवळपास सगळं गवत. पण या छोट्या तुकड्यावर राज्य बार्लीचंच आहे. धान्याखालच्या क्षेत्रापैकी निम्म्याहून जास्त तिच्याकडे असतं आणि बऱ्या वर्षात १४-१५ लाख टन माल निघतो. मुख्य पट्टा पूर्वेचा आणि आग्नेयेचा: वेक्सफर्ड, कार्लो, किल्डेअर, लीश, किल्केनी, मीथ, लाउथ आणि दक्षिणेला कॉर्कचा पूर्व भाग. तिथे पाऊस पश्चिमेपेक्षा कमी आणि माती निचऱ्याची आहे.

उतारा चांगला पडतो. वसंतात पेरलेली बार्ली हेक्टरी सात-साडेसात टन सहज देते, हिवाळी त्याहून जास्त. लांब दिवस, थंड उन्हाळा, दाणा भरायला सावकाश मिळालेला वेळ, ही त्याची कारणं. शेतकरी बोलताना मात्र अजून एकरी टनाचीच भाषा वापरतो. ‘तीन टन पडली’ असं तो म्हणाला, तर ते एकरी असतं आणि हेक्टरी ७.४ टन होतं.

हिवाळी आणि वसंतातली यांत फरक काय?

हिवाळी बार्ली सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये पेरतात आणि जुलैत काढतात. ती मुख्यतः जनावरांच्या खाद्याला जाते. वसंतातली मार्च-एप्रिलमध्ये पेरतात, ऑगस्टमध्ये काढतात आणि माल्टसाठीचा माल बहुतेक याच पेऱ्यातून येतो. जुलैत हिवाळी बार्लीला काय भाव निघाला याकडे सगळ्यांचे कान असतात, कारण हंगामाची पहिली चाहूल तिथे लागते.

भाव नेमका ठरतो कुठे?

आयर्लंडमध्ये ठरत नाही. या पानावरची एकच गोष्ट लक्षात ठेवायची असेल, तर ही ठेवा.

खाद्याच्या बार्लीचं उदाहरण घेऊ. आयर्लंडमधल्या गाई, डुकरं आणि कोंबड्या यांना लागणारं खाद्य देशात पिकत नाही. मका, सोयाबीनची पेंड आणि इतर कच्चा माल दरवर्षी बोटींनी येतो आणि ही आयात देशातल्या एकूण धान्यापेक्षा जास्त भरते. मका कधी युक्रेनचा, कधी ब्राझीलचा, कधी कॅनडाचा. खाद्याच्या गिरणीचा खरेदी करणारा माणूस सकाळी एकच हिशोब मांडतो: फॉइन्स, रिंगास्किडी किंवा डब्लिन बंदरावर उतरलेला मका मला टनाला कितीला पडतो? मक्यात ऊर्जा जास्त, म्हणून बार्ली त्याहून थोडी स्वस्त मिळाली तरच तो ती घेणार. स्थानिक बार्लीला यापेक्षा वर जायला जागाच उरत नाही. आणि त्या मक्याचा भाव शिकागोत, गव्हाचा भाव पॅरिसच्या युरोनेक्स्ट बाजारात हलत असतो.

आपल्या मनातलं साधं गणित असं असतं की देशात माल कमी पडतो, म्हणजे भाव चढा राहणार. इथे ते चालत नाही. आयर्लंडमध्ये पीक बुडालं तरी भाव वाढेलच असं नाही, कारण बोट तयारच असते. २०२३ साली हेच झालं. वसंतात पाऊस हटेना, पेरण्या लांबल्या, सुगीतही पाऊस, उतारा घसरला. त्याच वर्षी जगात गहू-मका पुरेसा होता म्हणून भावही पडला. कमी पीक आणि कमी भाव, दोन्ही एकाच वर्षात. पावसाने नेलेलं भावाने भरून येतं, हा शेतकऱ्याचा जुना आधार तिथे नाही आणि मला तिथल्या धान्योत्पादकाची सगळ्यात मोठी अडचण हीच वाटते.

मग बार्लीचा स्वतंत्र वायदेबाजार नाही का?

आयरिश शेतकऱ्याला उपयोगी पडेल असा नाही. खाद्याच्या बार्लीसाठी सगळे पॅरिसचा गहू पाहतात आणि त्यातून काही युरो वजा करून अंदाज बांधतात.

माल्टच्या बार्लीचा भाव वेगळा का असतो? आणि हे ‘क्रेय’ काय प्रकरण आहे?

क्रेय हे फ्रान्समधलं एक गाव आहे, पॅरिसच्या उत्तरेला, वाझ नदीच्या काठी. फ्रान्सची उत्तम माल्ट-बार्ली या भागातून नदीतल्या मालवाहू बोटींवर चढते आणि बेल्जियम, नेदरलँड्सकडच्या माल्ट कारखान्यांकडे जाते. बोटीत भरून दिलेल्या मालाचा हा भाव, म्हणजेच ‘एफओबी क्रेय’, सगळ्या पश्चिम युरोपात माल्ट-बार्लीचा मापदंड मानला जातो. भाव वाणानुसारही सांगतात. गेली कित्येक वर्षं ‘प्लॅनेट’ या वसंती वाणाचं नाव त्यात हमखास असतं.

आयरिश शेतकरी जो करार करतो, त्यात त्याच्या मालाचा भाव या क्रेयच्या भावाशी जोडलेला असतो. ठरलेल्या महिन्यांत आठवड्यागणिक निघालेल्या भावांची सरासरी, त्यावर ठरलेलं अधिक-उणे, असा त्याचा ढाचा. कराराच्या काही हिश्श्याचा भाव शेतकऱ्याला आधीच बांधून घेता येतो. वसंतात क्रेयचा भाव वर गेलेला दिसला की थोडा माल तिथेच विकून टाकायचा आणि बाकीचा सरासरीवर सोडायचा, असा निर्णय त्याला करावा लागतो. कार्लोतला माणूस मार्चमध्ये ट्रॅक्टरवर बसून पेरणी करत असतो आणि खिशातल्या फोनवर फ्रान्सच्या एका नदीकाठचा भाव पाहत असतो, असं हे चित्र.

या ढाच्याला एक न्याय्य बाजू आहे, ती सांगितली पाहिजे. पूर्वी खरेदीदार काय देईल त्यावर सगळं अवलंबून असे. आता निदान मापदंड उघड आहे, दोन्ही बाजूंना दिसतो. वाद होतो तो अधिक-उण्यावर. आयरिश बार्लीला क्रेयपेक्षा किती जास्त मिळावं? बाहेरून माल आणला तर बोटभाडं पडेल, ते इथल्या शेतकऱ्याला का मिळू नये? आयरिश शेतकरी संघटना, म्हणजे आयएफए, हे भांडण वर्षानुवर्षं लढत आली आहे आणि माझ्या मते तिचा मुद्दा बरोबर आहे. ज्या बाटलीवर आयरिश मातीचा अभिमान छापून जगभर माल विकला जातो, त्या मातीतल्या दाण्याला फ्रेंच दाण्याहून चार पैसे जास्त मिळावेत ही मागणी वावगी नाही.

माल्ट म्हणजे नेमकं काय?

नाचणीला मोड आणून, वाळवून सत्त्व करतात, तीच क्रिया. बार्ली भिजवायची, मोड फुटू द्यायचे, दाण्यातल्या पिष्टाची साखर करणारी पाचकद्रव्यं तयार झाली की गरम हवेने मोड थांबवायचे. म्हणूनच माल्टच्या बार्लीचा दाणा जिवंत असावा लागतो. उगवण ९८ टक्क्यांच्या आसपास नसेल, तर माल घेत नाहीत.

चांगला दिसणारा माल परत का पाठवतात?

ऑगस्टमध्ये धान्याच्या यार्डाबाहेर ट्रेलरची रांग लागते. ट्रेलर आत गेला की लांब नळी मालात खुपसून ठिकठिकाणचा नमुना घेतात आणि काही मिनिटांत यंत्र आकडे सांगतं: ओलावा, प्रथिनं, दर हेक्टोलिटरचं (शंभर लिटरचं) वजन, बारीक दाण्याचं प्रमाण. या काही मिनिटांवर शेतकऱ्याचं वर्ष उभं असतं.

खरा घात करतात ती प्रथिनं. बिअरसाठी ती साधारण ९ ते ११ टक्क्यांच्या दरम्यान हवीत. व्हिस्कीसाठी त्याहून कमी, साडेनऊच्या आत. दाण्यात प्रथिनं वाढली की पिष्ट घटतं, पिष्ट घटलं की मद्यार्क कमी उतरतो. फार कमी असून चालत नाही, कारण यीस्टला पोसायला आणि बिअरवर फेस धरायला तीच लागतात.

प्रथिनं नत्राने वाढतात आणि उताराही नत्रानेच वाढतो. खत थोडं कमी टाकावं तर टन कमी पडतात, थोडं जास्त टाकावं तर माल नाकारला जातो. त्यात पेरणी उशिरा झाली किंवा जून कोरडा गेला, तर दाणा नीट भरत नाही आणि तेवढंच नत्र कमी पिष्टात सामावून प्रथिनांचा टक्का चढतो. २०१८ च्या दुष्काळात हे पुष्कळांनी भोगलं. शेतकऱ्याची चूक काही नव्हती, पाऊस आला नाही एवढंच.

नाकारलेला माल खाद्याला जातो. फरक टनाला कधी वीस-तीस युरोंचा, कधी त्याहून बराच मोठा असतो. शंभर टनांच्या शेतकऱ्यासाठी ही रक्कम हजारोंत जाते, आणि त्याने खर्च माल्टच्या हिशोबानेच केलेला असतो.

‘ग्रीन’ भाव आणि वाळवलेल्या मालाचा भाव यांत एवढा फरक का?

इथे ‘ग्रीन’ म्हणजे कच्चा दाणा नव्हे. थेट कापणीयंत्रातून आलेला, न वाळवलेला माल, असा त्याचा अर्थ. आयर्लंडच्या हवेत दाणा शेतात पूर्ण वाळत नाही, म्हणून २० टक्के ओलावा धरून भाव सांगायची पद्धत पडली आहे. त्याहून ओला असेल तर कपात, कोरडा असेल तर वाढ.

हिशोब करून पाहा. २० टक्के ओलाव्याचे १०० टन आणले, म्हणजे त्यात ८० टन कोरडा पदार्थ. तो १४ टक्के ओलाव्यावर आणला की वजन उरतं ८० भागिले ०.८६, म्हणजे ९३ टन. सात टन पाणी उडालं. शिवाय वाळवायचं इंधन, मजुरी आणि साठवण. म्हणून ग्रीन भाव १८० आणि वाळवलेला २०५ असे आकडे शेजारी शेजारी दिसले, तर मधले २५ युरो कोणाच्या खिशात गेले असं लगेच समजू नका. त्यातला मोठा भाग पाण्याचा आणि डिझेल-गॅसचा असतो. पण सगळा नाही. ज्याच्याकडे स्वतःचं वाळवणयंत्र आणि गोदाम आहे, तो शेतकरी सुगीत विकत नाही आणि फेब्रुवारीपर्यंत थांबू शकतो. ज्याच्याकडे नाही, त्याला ऑगस्टमध्येच द्यावं लागतं.

शेतकरी विकतो कोणाला?

सहकारी संस्थांना किंवा खाजगी धान्यव्यापाऱ्यांना. मोठी सहकारी नावं दोन: आग्नेयेला तिरलान, जी २०२२ पर्यंत ग्लॅन्बिया या नावाने ओळखली जायची, आणि कॉर्ककडे डेअरीगोल्ड. माल्टचे मोठे खरेदीदारही मोजकेच. किल्डेअरमधल्या अथाय गावचा माल्ट कारखाना १८४७ पासूनच्या मिंच घराण्याच्या धंद्यातून वाढला. २०१० मध्ये तो अ‍ॅक्सेरेआल या फ्रेंच सहकारी समूहाकडे गेला आणि आता त्यांच्या बूर्टमाल्ट कंपनीखाली चालतो. दुसरा माल्ट कारखाना कॉर्कमध्ये.

बियाणं, खत, फवारणी हे सगळं वसंतात बहुधा त्याच संस्थेकडून उधारीवर उचललेलं असतं आणि सुगीच्या मालातून वळतं होतं. उधारी ज्याची, माल त्याचा, हे आपल्याकडच्या आडत्याच्या पेढीवर बसलेल्या माणसाला वेगळं समजावून सांगावं लागणार नाही. सहकारी संस्था नफा झाला तर सभासदांना टनामागे बोनस देतात, तोही भावात धरून जाहीर करतात. म्हणून दोन ठिकाणचे भाव ताडून पाहताना मूळ भाव कोणता आणि सभासदाचा बोनस कोणता, हे वेगळं करावं लागतं.

बिअरच्या एका ग्लासात शेतकऱ्याचे पैसे किती?

ढोबळ हिशोब मांडू. साडेचार टक्क्यांच्या आतल्या बिअरच्या एका पाइंटला, म्हणजे ५६८ मिलिलिटरला, साधारण १०० ग्रॅम माल्ट लागतं. त्यासाठी बार्ली लागते सव्वाशे ग्रॅम. टनाला २५० युरो भाव धरला तर सव्वाशे ग्रॅमचे होतात तीन सेंट.

आता कराचं पाहा. आयर्लंडमध्ये बिअरवरचा उत्पादनशुल्काचा दर दर हेक्टोलिटरमागे, मद्यार्काच्या दर टक्क्याला २२.५५ युरो आहे. ४.२ टक्क्यांच्या पाइंटवर तो ५४ सेंट होतो. त्यावर २३ टक्के मूल्यवर्धित कर वेगळा.

पिकवणाऱ्याला तीन सेंट आणि सरकारला, नुसत्या उत्पादनशुल्कातून, चोपन्न. बार्लीचा भाव उद्या दुप्पट झाला तरी ग्लास तीन सेंटांनीच महागायला हवा. मी हा हिशोब पहिल्यांदा केला तेव्हा चुकला असेल म्हणून पुन्हा केला. धान्य महागलं म्हणून बिअर महागली, असं कोणी सांगितलं तर हा आकडा त्याच्यापुढे ठेवा.

व्हिस्कीत मोड न आणलेली बार्ली घालतात, ते पैसे वाचवायला का?

सुरुवात करामुळे झाली. अठराव्या शतकात माल्टवर कर बसला, तेव्हा डिस्टिलरीवाल्यांनी त्यात मोड न आणलेली बार्ली मिसळायला सुरुवात केली. कर चुकवताना एक चव हाती लागली: जाडसर, मसालेदार, जिभेवर तेलकट. पुढे तीच आयर्लंडची ओळख झाली. आज ‘पॉट स्टिल’ नावाने विकायची असेल तर किमान ३० टक्के माल्ट आणि किमान ३० टक्के मोड न आणलेली बार्ली वापरावीच लागते, इतर धान्य जास्तीत जास्त ५ टक्के. म्हणजे शेतकऱ्याला माल्ट कारखान्याखेरीज दुसरं एक गिऱ्हाईक मिळालं, थेट डिस्टिलरीचं.

गिनीजचा या सगळ्याशी काय संबंध?

फार जुना. आर्थर गिनीजने १७५९ साली डब्लिनमधली सेंट जेम्सेस गेटची जागा ९,००० वर्षांच्या भाडेपट्ट्याने, वर्षाला ४५ पौंडांवर घेतली. तिथे माल्ट तर लागतंच, शिवाय काळा रंग आणि कडवट चव येते ती भाजलेल्या बार्लीने. या एका गिऱ्हाइकामुळे आग्नेय आयर्लंडमध्ये पिढ्यान्‌पिढ्या माल्ट-बार्ली टिकली.

पण मला जास्त मोलाची वाटते ती दुसरी गोष्ट. १८९९ साली गिनीजने विल्यम गॉसेट नावाच्या तरुणाला नोकरीवर घेतलं. त्याच्यापुढचा प्रश्न साधा होता: चार-सहा शेतांत बार्लीचे दोन वाण लावले आणि एकाचा उतारा थोडा जास्त आला, तर तो वाण खरंच सरस की नशीब? थोड्याशा नोंदींवरून खात्रीने किती बोलता येईल? याचं उत्तर शोधताना त्याने जे गणित मांडलं, ते १९०८ साली ‘स्टुडंट’ या टोपणनावाने छापलं गेलं, कारण कंपनी कामगारांना स्वतःच्या नावाने लिहू देत नव्हती. आज औषधांच्या चाचण्यांपासून समाजशास्त्राच्या प्रबंधापर्यंत जी ‘टी-टेस्ट’ वापरतात, ती हीच. महाराष्ट्रातला संख्याशास्त्राचा प्रत्येक विद्यार्थी ती शिकतो, आणि तिचं मूळ बार्ली आणि बिअरच्या या कामात आहे हे क्वचितच कोणी त्याला सांगतं.

त्याच काळात आयर्लंडच्या कृषी खात्याच्या वाणसंशोधनातून हर्बर्ट हंटर यांनी ‘स्प्रॅट-आर्चर’ हा संकर तयार केला. तो आयर्लंडमध्येच नव्हे तर ब्रिटनमध्येही अनेक दशकं पेरला गेला.

जुन्या नोंदींत भाव ‘बॅरल’ला दिलेला दिसतो. ते पिंप का?

नाही, वजन. बार्लीचं बॅरल १६ स्टोनचं, म्हणजे २२४ पौंड, सुमारे १०१.६ किलो. आपल्या क्विंटलच्या जवळपासच. गव्हाचं बॅरल मात्र २० स्टोनचं आणि ओट्सचं १४ स्टोनचं. जुने भाव एकमेकांशी ताडून पाहताना इथे हमखास चूक होते.

२०२२ मध्ये भाव इतके कसे चढले?

फेब्रुवारीत रशियाने युक्रेनवर हल्ला केला. दोन्ही देश गहू, मका आणि बार्लीचे मोठे निर्यातदार, आणि काळ्या समुद्रातली बंदरं बंद झाली. मे महिन्यात पॅरिसचा गहू टनाला ४०० युरोंच्या वर गेला. आयर्लंडमध्ये त्या सुगीत ग्रीन बार्लीने ३०० युरोंच्या आसपास मजल मारली. नांगरट वाढावी म्हणून सरकारने नव्याने नांगरलेल्या जमिनीला हेक्टरी ४०० युरो दिले.

बाहेरून पाहणाऱ्यांना वाटलं की धान्यवाल्यांची चंगळ झाली. पण नैसर्गिक वायू महागला की नत्रखत महागतं आणि त्याच वर्षी खताचा भाव आदल्या वर्षीच्या कितीतरी पट झाला. आणि खरा फटका पुढच्या वर्षी बसला. २०२३ चं पीक महागड्या खतावर उभं राहिलं आणि विकलं गेलं ते २०० युरोंच्या आसपास. खर्च एका वर्षाचा आणि भाव दुसऱ्या वर्षाचा, ही धान्यशेतीतली नेहमीची कोंडी त्या दोन सुगींत उघडी पडली.

चीन आणि ऑस्ट्रेलियाच्या भांडणाचा आयर्लंडशी काय संबंध?

मे २०२० मध्ये चीनने ऑस्ट्रेलियाच्या बार्लीवर ८०.५ टक्के शुल्क लावलं. ऑस्ट्रेलियाचा माल सौदी अरेबिया आणि इतरत्र वळला, चीनने फ्रान्स, कॅनडा आणि युक्रेनकडून घ्यायला सुरुवात केली. फ्रान्सची बार्ली पूर्वेला चालली की युरोपात माल आवळतो आणि क्रेयचा भाव वर सरकतो. ऑगस्ट २०२३ मध्ये चीनने शुल्क उठवलं आणि तो आधार गेला. आयर्लंडने यात काही केलं नव्हतं, तरी दोन्ही वेळा त्याच्या भावाच्या तळाशी ही गोष्ट होती.

तिथे हमीभाव आहे का?

आपल्या अर्थाने नाही. १ जानेवारी १९७३ ला आयर्लंड युरोपीय समुदायात गेला, तेव्हा भाव पडला की सरकारी खरेदी होत असे. पुढच्या सुधारणांनी ती व्यवस्था आक्रसत नेली. २००५ पासून अनुदान पिकापासून तोडलं गेलं. ते जमिनीवर मिळतं, बार्ली पेरा अथवा गवत ठेवा. त्यामुळे शेतकऱ्याच्या उत्पन्नाला आधार आहे, बार्लीच्या भावाला नाही.

मग बार्लीखालची जमीन वाढत का नाही? सरकारला तर वाढवायची आहे म्हणे.

हो, हवामान आराखड्यात २०३० पर्यंत नांगरटीखाली चार लाख हेक्टर आणायचं लक्ष्य आहे, कारण धान्यशेतीतून हरितगृहवायू गाईंच्या मानाने पुष्कळ कमी निघतात. पण आड येते ती जमीन.

धान्यवाला स्वतःच्या जमिनीखेरीज शेजारची जमीन अकरा महिन्यांच्या तोंडी भाड्याने घेतो. ‘कॉनेकर’ नावाची ही जुनी रीत आहे. २०१५ च्या एप्रिलमध्ये युरोपातला दूधकोटा, म्हणजे दूध उत्पादनावरची मर्यादा, संपला आणि दूधवाल्यांनी गाई वाढवल्या. त्यांनाही जमीन हवी झाली. मग नायट्रेटच्या नियमात बऱ्याच भागांसाठी जनावरांच्या सेंद्रिय नत्राची हेक्टरी मर्यादा १ जानेवारी २०२४ पासून २५० वरून २२० किलोंवर आली. आता तेवढ्याच गाई ठेवायच्या तर शेण-मूत्र पसरायला आणखी जमीन हवी. दूधवाला भाड्याच्या जमिनीला जो पैसा मोजू शकतो, तो धान्यवाला मोजू शकत नाही. नदीचं पाणी स्वच्छ राहावं म्हणून केलेला नियम, आणि भाड्याच्या बाजारातून बाहेर ढकलला गेला तो त्यातल्या त्यात कमी प्रदूषण करणारा शेतकरी. धोरण आखणाऱ्यांना हे आधी दिसायला हवं होतं.

पेंढ्याचे पैसे मिळतात का?

मिळतात, आणि कमी भावाच्या वर्षात नफा-तोटा कधी कधी त्यावरच ठरतो. गोठ्यात पसरायला आणि अळिंबीच्या कंपोस्टला पेंढा लागतो. २०१८ च्या दुष्काळात तर गठ्ठ्यांसाठी ओढाताण झाली. २०२१ पासून पेंढा बारीक करून जमिनीत गाडला तर सरकार पैसे देतं, बार्लीला हेक्टरी २५० युरोंपर्यंत. जमिनीचा कर्ब वाढतो हे खरं, पण पेंढा विकत घेणारा पश्चिमेकडचा पशुपालक त्यावर नाराज असतो. दोघांचंही म्हणणं समजण्यासारखं आहे.

अलीकडे माल्ट-बार्लीची मागणी कमी झाली आहे का?

झाली आहे. आयरिश व्हिस्कीची जगभरची विक्री अनेक वर्षं चढत होती, नव्या डिस्टिलऱ्या उभ्या राहिल्या, गोदामं पिंपांनी भरली. मग खप मंदावला. अमेरिका हे सर्वांत मोठं गिऱ्हाईक आणि ऑगस्ट २०२५ पासून तिथे युरोपीय मालावर १५ टक्के शुल्क लागलं. त्या वर्षी अनेक डिस्टिलऱ्यांनी उत्पादन कमी केलं किंवा काही काळ थांबवलं. पिंपात भरलेली व्हिस्की किमान तीन वर्षं मुरते, त्यामुळे आजची मंदी ओसरली तरी आधी गोदामातला साठा निघणार आणि मग बार्लीची मागणी येणार. करारातले टन कमी झाले की तो माल खाद्याच्या भावाला जातो.

भावाची बातमी वाचताना काय पाहावं?

आधी पाहा की माल ग्रीन आहे की वाळवलेला, आणि ओलावा किती धरला आहे. मग खाद्याचा की माल्टचा. मग बोनस आत धरला आहे का आणि तो सगळ्यांना आहे की फक्त सभासदांना. नंतर मूल्यवर्धित कर. एकाच दिवशी एकाच जिल्ह्यात १८० आणि २१५ हे दोन्ही आकडे खरे असू शकतात.

आणि आठवड्यातून एकदा पॅरिसचा गहू, बंदरावरचा मका आणि क्रेयची बार्ली हे तीन भाव एका वहीत लिहीत जा. एका सुगीपासून पुढच्या सुगीपर्यंत तेवढं केलंत, तर पुढच्या जुलैत पहिला भाव जाहीर व्हायच्या आधी तुमचा अंदाज पाच-दहा युरोंच्या आत येईल.